लपवलेले दिवस

धुणीभांडी करणाऱ्या एखाद्या अविवाहित मुलीला दिवस गेले, की लोक पहिला प्रश्न विचारतात, 'कोणाचे?' डॉक्टरांच्या दृष्टीने पहिला प्रश्न असतो, 'किती महिने झाले?' याचे उत्तर वेळेत मिळाले तर वाटा अनेक असतात.

काम सुटेल, लोक नावे ठेवतील या धास्तीने अशी मुलगी पोट आवळून बांधते, भरलेल्या बादल्या उचलते आणि दवाखाना टाळते. मग रक्तदाब, हिमोग्लोबिन तपासले जात नाही, धनुर्वाताचे इंजेक्शन राहते. कुणाच्या सांगण्यावरून दुकानातून गर्भपाताच्या गोळ्या आणल्या जातात. गर्भ नळीत असेल तर या गोळ्यांचा उपयोग होत नाही. नळी फुटून पोटात रक्तस्राव होतो. गर्भपात अर्धवट राहिला तर जंतुसंसर्ग होतो. दोन्हींत जीव जाऊ शकतो.

१९७१ च्या गर्भपात कायद्यात २०२१ मध्ये दुरुस्ती झाली. मान्यताप्राप्त केंद्रात २० आठवड्यांपर्यंत एका डॉक्टरांचे मत पुरते. २० ते २४ आठवड्यांसाठी दोन डॉक्टरांचे मत लागते; ही सवलत अविवाहित स्त्रीलाही आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये स्पष्ट केले. सज्ञान स्त्रीची स्वतःची संमती पुरेशी असते आणि तिचे नाव गुप्त ठेवणे डॉक्टरांवर बंधनकारक आहे. मुलगी अठराच्या आतली असेल तर पालकांची संमती लागते व पोलिसांना कळवावे लागते.

मूल वाढवायचे असेल तर सरकारी रुग्णालयात तपासणी व बाळंतपण मोफत होते. डोकेदुखी, डोळ्यांपुढे अंधारी, चेहऱ्यावर सूज, झटके, अंगावरून रक्त जाणे किंवा बाळाची हालचाल कमी होणे यांपैकी काहीही दिसल्यास त्याच दिवशी रुग्णालय गाठावे. आईच्या प्रतिज्ञापत्रावर, वडिलांच्या नावाविना जन्मदाखला द्यावा, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये सांगितले आहे. मूल सांभाळणे अशक्यच असेल तर बालकल्याण समितीकडे सोपवता येते. फेरविचाराला ६० दिवस मिळतात. उकिरड्यावर किंवा देवळाच्या पायरीवर मूल ठेवण्याची गरज नाही.

महात्मा फुल्यांनी १८६३ मध्ये पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढले, तेव्हा येणाऱ्या बाईला आधी आसरा मिळे. वाचक भगिनींनो, आपल्या घरी काम करणारी मुलगी गप्प गप्प दिसली, मळमळते म्हणाली, तर तिला कामावरून काढू नका. जड कामे थांबवा, एक दिवसाची भरपगारी रजा द्या आणि तिच्याबरोबर दवाखान्यात जा. कोणाचे, हे सांगायचे की नाही, ते तिला ठरवू द्या. मात्र बळजबरी झाली असेल, तर तो गुन्हा आहे हे तिला समजावून सांगा. महिला मदतवाणीचा क्रमांक १८१ आहे.