घराचा हप्ता आणि घराची खरी किंमत



लूककृत शुभवर्तमानाच्या चौदाव्या अध्यायात बुरूज बांधायला निघालेल्या माणसाचा दाखला आहे. 'क' वर्षात, सामान्य काळातील तेविसाव्या रविवारी, तो आपण मिस्सामध्ये ऐकतो. काम काढण्याआधी हा माणूस खाली बसून खर्चाचा हिशोब करणार नाही का, असे येशू विचारतो. प्रवचनात या दाखल्यावरून शिष्यत्वाची किंमत समजावली जाते आणि ते योग्यच आहे. पण दाखला ज्या अनुभवावर उभा आहे तो अगदी घरगुती आहे. पाया घातला, पैसे संपले आणि येणारेजाणारे हसू लागले. आज पैसे संपत नाहीत, कारण बँक देते. घर पूर्ण होते, वास्तूला आशीर्वादही दिला जातो. हिशोब करायचा तेवढा राहून जातो.

आपल्या धर्मग्रामातील कितीतरी तरुण जोडप्यांनी घरासाठी कर्ज घेतले आहे आणि अनेकजण घेण्याच्या विचारात आहेत. त्यांना सगळे एकच प्रश्न विचारतात, "हप्ता किती बसतो?" बिल्डरच्या ऑफिसात तोच प्रश्न, बँकेत तोच आणि नातेवाइकांतही तोच. हप्ता पगारात बसला की कर्ज झेपते असे आपण धरून चालतो. कर्ज फिटेपर्यंत एकूण किती पैसे जाणार, हे विचारणारा विरळाच. म्हणून आज कागद-पेन्सिल घेऊन एकदा हा हिशोब करूया.

समजा घराची किंमत ४० लाख रुपये आहे. १० लाख आपले, ३० लाखांचे कर्ज, मुदत २० वर्षे आणि व्याजदर साडेआठ टक्के. महिन्याचा हप्ता सुमारे २६,०३५ रुपये होतो. असे २४० हप्ते भरायचे. गुणाकार केला तर ६२ लाख ४८ हजार रुपये होतात. म्हणजे ३० लाख मुद्दल आणि जवळजवळ साडेबत्तीस लाख व्याज. त्यात आपले १० लाख मिळवा, मुद्रांक शुल्क सहा टक्के धरून २ लाख ४० हजार आणि नोंदणीचे ३० हजार मिळवा. ४० लाखांचे घर ७५ लाखांना पडले. सोसायटीची देखभाल, फर्निचर, रंगकाम यात धरलेलेच नाही.

आपल्याकडे 'दामदुप्पट' हा शब्द आजही वापरतात. जुन्या हिंदू कायद्यातला हा नियम होता: सावकाराला एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करता येत नसे. बँकेचे व्याज महिन्याच्या महिन्याला भरले जाते, त्यामुळे तसा कायदेशीर प्रश्न इथे येत नाही. पण सावकाराच्या नावाने बोटे मोडणारे आपण दामदुपटीपेक्षा जास्त रक्कम वीस वर्षांत शांतपणे भरतो, कारण ती तुकड्यातुकड्याने जाते. सावकारी पाशातून शेतकऱ्यांना सोडवण्यासाठी वसईत मॉन्सिन्योर पी. जे. मोनीस यांनी १९१८ साली कॅथॉलिक बँक उभी केली, तेव्हा कर्ज घेणाऱ्याला व्याजाचा आकडा तोंडपाठ असे. आपण शिकलेसवरलेले, आणि आपल्याला फक्त हप्ता पाठ असतो.

आता हप्त्याच्या पोटात काय आहे ते पाहू. वरच्या उदाहरणात पहिल्या महिन्याच्या २६,०३५ रुपयांपैकी २१,२५० रुपये व्याजात जातात. मुद्दलातून कमी होतात फक्त ४,७८५ रुपये. पहिल्या वर्षात तुम्ही ३ लाख १२ हजार भरता आणि कर्ज उतरते सुमारे ६० हजारांनी. पाच वर्षे एकही हप्ता न चुकवता साडेपंधरा लाखांवर रक्कम भरली, तरी ३० लाखांपैकी २६ लाख ४४ हजार शिल्लकच असतात. निम्मे मुद्दल फिटायला जवळजवळ चौदा वर्षे लागतात. यात बँकेची फसवणूक नाही. व्याज उरलेल्या मुद्दलावर लागते आणि सुरुवातीला मुद्दल मोठे असते, एवढेच त्याचे गणित. पण पाच-सहा वर्षांनी घर विकायला निघालेल्या माणसाला बँकेची बाकी पाहून धक्का बसतो तो याच कारणाने.

सगळ्यात महत्त्वाचा भाग मुदतीचा आहे. हप्ता जड वाटला की अधिकारी म्हणतात, मुदत वाढवून देतो. तेच ३० लाख, तोच दर, मुदत मात्र ३० वर्षे केली तर हप्ता २३,०६७ रुपये होतो. महिन्याला तीन हजार वाचले म्हणून आपण खूश होतो. एकूण परतफेड मात्र ८३ लाखांच्या पुढे जाते. महिन्याच्या तीन हजारांसाठी साडेवीस लाख रुपये जास्त मोजले! उलट मुदत १५ वर्षे ठेवली तर हप्ता २९,५४२ रुपये, म्हणजे साडेतीन हजारांनी जास्त, आणि एकूण परतफेड ५३ लाख १८ हजार. वीस वर्षांच्या तुलनेत नऊ लाखांहून अधिक वाचतात. नऊ लाखांत मुलांच्या शिक्षणाचा बराच भाग निघतो.

यावर कोणी शिकलेला मुलगा म्हणेल, "अंकल, वीस वर्षांनंतरचे सव्वीस हजार आजच्या सव्वीस हजारांएवढे नसतील. पगार वाढेल, महागाई वाढेल, हप्ता हलका होत जाईल." त्याचे म्हणणे खोटे नाही. शिवाय स्वतःचे घर झाल्यावर भाडे वाचते, तेही हिशोबात धरले पाहिजे. म्हणूनच कर्ज काढूच नये असे हा लेख सांगत नाही. पण "मुदत लांब ठेवतो आणि वाचलेले तीन हजार म्युच्युअल फंडात टाकतो," असे म्हणणाऱ्यांपैकी खरोखर वर्षानुवर्षे टाकणारे किती? ते तीन हजार कुठल्या तरी लग्नाच्या मांडवात नाहीतर नव्या मोबाईलमध्ये जातात, हे आपल्याला ठाऊक आहे.

बहुतेक गृहकर्जांचा दर बदलता असतो आणि इथे अनेकांची नजर चुकते. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर नेला. त्याआधी पावणेसात टक्क्यांनी ३० लाखांचे कर्ज वीस वर्षांसाठी घेतलेल्या माणसाचा हप्ता २२,८११ रुपये होता. सोयीसाठी असे धरू की एका वर्षाने त्याचा दर एकदम सव्वानऊ झाला. त्याची बाकी तेव्हा २९ लाख २६ हजार. तिच्यावर महिन्याचे व्याजच २२,५५८ रुपये. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जमा होतात अडीचशे रुपये, आणि कर्ज फिटायला आणखी जवळजवळ ४९ वर्षे लागतील. चाळिशीत कर्ज घेतलेला माणूस नव्वदीत मोकळा होईल! असे होऊ नये म्हणून बँकांनी अनेकांचे हप्ते वाढवले, पण बऱ्याच खात्यांत आधी मुदतच वाढली. खात्यातून कापली जाणारी रक्कम तीच राहिल्याने घरात कोणाला पत्ता लागला नाही.

रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी याबाबत नियम केला. दर बदलल्यावर हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडे थोडे, हे ठरवण्याची संधी कर्जदाराला मिळाली पाहिजे. पण त्यासाठी कर्जदाराने बँकेचे पत्र उघडून वाचायला हवे. तेव्हा आपले कर्ज आज किती महिन्यांचे उरले आहे, हे बँकेत जाऊन विचारा. निवृत्तीच्या तारखेच्या पुढे ते गेले असेल, तर उरलेले हप्ते पेन्शनमधून भरणार की मुलाच्या पगारातून, याचा निर्णय आजच घरात बसून व्हायला हवा. फेब्रुवारी ते डिसेंबर २०२५ या काळात रेपो दर साडेसहावरून सव्वापाचवर आला. दर असा उतरतो तेव्हा हप्ता कमी करून घेण्याचा मोह होतो. शक्य असेल तर जुनाच हप्ता चालू ठेवावा, म्हणजे मुदत आपोआप आखडते. ज्यांचे कर्ज ऑक्टोबर २०१९ पूर्वीचे आहे, त्यांनी आपला दर रेपोशी जोडलेला आहे की जुन्या पद्धतीचा, हेही विचारून घ्यावे. बदलून घेता येतो, थोडेसे शुल्क पडते.

काही खर्च कर्जाच्या आत लपून येतात. कर्जासोबत विमा घ्यायला सांगतात आणि त्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवतात. ६० हजारांचा विमा असा वीस वर्षांच्या कर्जात मिसळला तर तो सव्वा लाखाला पडतो. घरातला कमावता माणूस गेला तर कुटुंबावर कर्ज राहू नये म्हणून विमा जरूर असावा, पण तो वेगळा घ्यावा आणि तिथल्या तिथे पैसे भरावेत. दुसरी गोष्ट स्वतःच्या हिश्श्याची. ते १० लाख आपल्याजवळ नसले की कोणी पतपेढीकडे जातो, कोणी पर्सनल लोन काढतो, कोणी आईचे दागिने गहाण ठेवतो. त्याचे व्याज गृहकर्जापेक्षा महाग असते आणि घराच्या किमतीत ते कोणी धरत नाही. आयकरात सूट मिळते म्हणून कर्ज मोठे घ्या, असे सांगणारेही भेटतात. नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही, हे त्यांना विचारल्याशिवाय ते सांगत नाहीत.

मग करायचे काय? शक्य होईल तेव्हा मुद्दलात जादा रक्कम भरायची, आणि ती लवकर भरायची. आपल्या ३० लाखांच्या उदाहरणात पहिल्या वर्षाच्या शेवटी बोनसचे एक लाख रुपये भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे १८ हप्ते कमी होतात. म्हणजे एक लाख भरून ४ लाख ७० हजार वाचले. तेच एक लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर जेमतेम सहा हप्ते वाचतात. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड घ्यायला रिझर्व्ह बँकेने २०१२ सालीच बँकांना मनाई केली आहे. पैसे भरताना "हप्ता नको, मुदत कमी करा," असे लेखी द्यावे. मात्र सगळी शिल्लक कर्जात ओतू नये. नोकरी गेली, घरात आजारपण आले, तर सहा महिन्यांचे हप्ते भरता येतील एवढी रक्कम हाताशी असलीच पाहिजे. नाहीतर तेव्हा पुन्हा महाग कर्ज काढावे लागते.

जामीन राहणाऱ्यांसाठीही दोन शब्द. आपल्या समाजात भाऊबंदाला, शेजाऱ्याला, गावातल्या मित्राला जामीन राहणे हे प्रेमाचे काम मानतात, आणि "फक्त सही कर" म्हणून कागद पुढे येतो. १८७२ च्या भारतीय करार कायद्याच्या कलम १२८ प्रमाणे, करारात वेगळे लिहिले नसेल तर जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराएवढीच असते. कर्ज वीस वर्षांचे तर सहीही वीस वर्षांची. ही सही पत्नीला किंवा पतीला सांगितल्याशिवाय करू नये.

नवीन कर्ज घेणाऱ्यांच्या हाती आता एक चांगले साधन आले आहे. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक गृहकर्जासोबत बँकेने ठळक माहितीचे पत्रक द्यायचे आहे. व्याज आणि सगळे आकार धरून वर्षाला खरा दर किती पडतो, हे त्यात लिहिलेले असते आणि परतफेडीचा तक्ताही असतो. पत्रकात नसलेला आकार तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही. ते कर्जदाराला समजेल अशा भाषेत हवे, तेव्हा मराठीतून मागायला संकोच करू नका. विचार करायला कमीत कमी तीन कामाचे दिवस मिळतात. त्या दिवसांत ते घरी आणून दोघांनी मिळून वाचा, आणि हिशोब कळणारे कोणी घरात नसेल तर समूहातल्या एखाद्या बँकेत काम करणाऱ्याला बोलवा.

ज्यांचे कर्ज फिटत आले आहे त्यांनी एवढे ध्यानात ठेवावे: शेवटचा हप्ता भरल्यावर घराची मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत मिळायला हवीत आणि बोजाची नोंदही त्याच मुदतीत उतरवली गेली पाहिजे. १ डिसेंबर २०२३ पासून, बँकेच्या चुकीमुळे उशीर झाला तर दिवसाला पाच हजार रुपये भरपाई कर्जदाराला द्यावी लागते. कागदपत्रे हातात पडल्यावर, कर्ज घेताना मिळालेल्या पोचपावतीशी एकेक पान ताडून पाहा आणि मगच सही करा.