कायम झाले, पण कोणत्या तारखेपासून?



मागच्या महिन्यात सातवीतल्या एका मुलाचे आजोबा प्लास्टिकच्या पिशवीत कागद घेऊन शाळेत आले. एका सरकारी खात्यात रोजंदारीवर लागले, बऱ्याच वर्षांनी कायम झाले, आता निवृत्ती जवळ आलेली. म्हणाले, "मॅडम, कायम तर झालो जी. पण माही जुनी वर्षं धरली का नाही, तेवढं वाचून सांगा." आदेशात एक तारीख होती. त्याआधीच्या वर्षांबद्दल एक ओळही नव्हती.

त्यावरून मी वर्गात सरासरीचा पाठ घेतला. आमच्या वर्धा जिल्ह्यात बोर प्रकल्पाच्या बाजूच्या गावांतल्या मुलांना वनमजूर म्हणजे काय हे सांगावं लागत नाही, म्हणून उदाहरण वनविभागाचं घेतलं. ३१ जानेवारी १९९६ च्या शासन निर्णयाने वनविभागातल्या रोजंदारी मजुरांना कायम करताना अट होती पाच वर्षं कामाची आणि दर वर्षी किमान २४० दिवसांची. (२४० हा आकडा औद्योगिक विवाद कायदा, १९४७ मध्येही होता.) फळ्यावर एका काल्पनिक मजुराचे दिवस लिहिले: २६२, २५१, २३६, २४८, २७०.

मुलांनी बेरीज केली, १२६७. पाचने भागले, २५३.४. "पास!" सगळे ओरडले. मी म्हटलं, नापास. तिसऱ्या वर्षी चार दिवस कमी आहेत. वर्ग एकदम गप्प झाला. मग एक मुलगी म्हणाली, "पण मॅडम, त्या वर्षी कामच दिलं नसंल तर?"

नेमका हाच प्रश्न न्यायालयांपुढे येत राहिला आहे. पुणे भागातल्या वनमजुरांचं जगन्नाथ मारुती कोंढरे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. १९९५ च्या डिसेंबरात निकाल मजुरांच्या बाजूने लागला. वर्षानुवर्षं काम करवून घ्यायचं आणि कायमपणाचे लाभ द्यायचे नाहीत, ही १९७१ च्या राज्य कायद्याप्रमाणे अनुचित कामगार प्रथा ठरली.

पुढे ऑक्टोबर २०१२ मध्ये वनविभागातल्या आणखी मजुरांना १ जून २०१२ पासून कायम केलं गेलं. आता ही तारीख बघा. १ नोव्हेंबर २००५ ला किंवा त्यानंतर राज्य सेवेत आलेल्यांना जुनी पेन्शन नाही. माणूस १९९५ पासून जंगलात राबत असेल, तरी कागदावर त्याची सेवा २०१२ ला सुरू झाली की तो त्या रेषेच्या पलीकडे पडतो. वेतनवाढीही त्याच तारखेपासून मोजल्या जातात. म्हणून पगाराचे हे वाद बहुतेक वेळा रकमेचे दिसतात, पण असतात तारखेचे.

मला हे थोडं आतून कळतं. मी शिक्षण सेवक म्हणून ३००० रुपये मानधनावर लागले तेव्हा वर्गात शिकवायचं तेवढंच होतं, शेजारच्या वर्गातल्या सरांचा पगार मात्र वेगळा. पण मला तीन वर्षं कधी संपणार हे माहीत होतं. रोजंदारीवाल्याला ते कोण सांगतं? सार्वजनिक बांधकाम आणि पाटबंधारे खात्यात १९६७ च्या कालेलकर कराराने पाच वर्षांची मुदत तरी घातली होती. बाकी ठिकाणी ज्याने त्याने वाट बघायची. २०१६ मध्ये पंजाबच्या जगजित सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की तेच काम करणाऱ्या तात्पुरत्या कर्मचाऱ्यालाही वेतनश्रेणीतलं किमान मूळ वेतन मिळालं पाहिजे. पण ते काम तेच होतं हे सिद्ध करायचं ओझं मजुरावरच आहे, आणि हजेरीपट असतो कार्यालयाच्या कपाटात.

पालकांनो, घरात कोणी रोजंदारीवर असेल तर मजुरीच्या पावत्या, बँक पासबुक, कामावर घेतल्याची चिठ्ठी, जे मिळेल ते जपून ठेवा आणि मुलांकडून वर्षवार दिवस लिहून घ्या. आमच्या मुलांनी त्या आजोबांचा तक्ता केला. एक वर्ष सोडून सगळे कागद सापडले. त्या एका वर्षाच्या हजेरीपटासाठी त्यांनी माहिती अधिकारात अर्ज केला आहे. अर्ज नातवाने स्वतःच्या अक्षरात लिहिला.