दाद कुठे मागायची?

सरकारी कचेरी सकाळी उघडते. त्याआधी कुणीतरी ती झाडलेली असते. माठ भरलेला असतो. बागेला पाणी घातलेलं असतं. हे काम करणारे पुष्कळ जण 'अर्धवेळ' म्हणून लागलेले असतात. पाहता पाहता वीस वर्षे निघून जातात. निवृत्तिवेतनाचा पत्ता नसतो. मग माणूस विचारतो, "मला कायम कधी करणार?"

अशा तक्रारीसाठी न्यायाधिकरण असते. त्याचा कायदा १९८५ साली झाला. केंद्र सरकारच्या नोकरांसाठी एक न्यायाधिकरण आहे. महाराष्ट्र सरकारच्या नोकरांसाठी वेगळे आहे. त्याला लोक 'मॅट' म्हणतात.

न्यायाधिकरण नाही म्हणालं, तर सगळं संपलं का? नाही. पूर्वी त्यापुढे थेट सर्वोच्च न्यायालयच गाठावे लागे. गरिबाला दिल्ली दूर! १९९७ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की असा निकाल आधी उच्च न्यायालयाने तपासावा. तिथे किमान दोन न्यायाधीश मिळून तो तपासतात.

तपासणे म्हणजे सारा खटला पुन्हा चालवणे नव्हे. कायदा नीट लावला का? दोन्ही बाजू ऐकल्या का? महत्त्वाचा पुरावा नजरेआड झाला का? मुख्यतः एवढेच पाहतात.

आता कायम करण्याचा नियम पाहू. २००६ साली सर्वोच्च न्यायालय म्हणाले, सरकारी जागा सर्वांना खुली हवी. मागच्या दाराने आलेल्यांना कायम करता येणार नाही. मात्र मंजूर जागेवर, पात्रता असून, कोर्टाच्या हुकमाचा आधार न घेता दहा वर्षे राबलेल्यांचा एकवार विचार व्हावा. २०२१ साली चंडीगडच्या टपाल कचेरीतले अर्धवेळ सफाई कामगार हरले. मंजूर जागा नाही, म्हणून हक्क नाही, असे न्यायालय म्हणाले.

पण २०२४ साली निराळे घडले. फरिदाबादला केंद्रीय जल आयोगाच्या कचेरीत काही बाया झाडलोट करीत. त्यांच्याबरोबर बागकाम करणारेही होते. वर्षानुवर्षे त्यांचं काम चाललं होतं. २०१८ साली न्यायाधिकरणाने त्यांचा अर्ज फेटाळला. त्याच वर्षी त्यांना कामावरून काढले. उच्च न्यायालयातही हार झाली. पण त्यांनी धीर सोडला नाही. २० डिसेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दोन्ही निकाल रद्द केले. हे काम रोजचे आणि गरजेचे आहे, नावापुरते 'अर्धवेळ' म्हणून भागणार नाही, असे ठरले. त्यांना परत घ्या, कायम करा, असा हुकूम झाला. मधल्या काळाचा पगार मिळाला नाही; पण तो काळ नोकरीत धरला गेला.

दोन निकाल, दोन तऱ्हा. म्हणून प्रत्येकाला कायम करतीलच असे नाही. ज्याचे त्याचे कागद बोलतात. नेमणुकीची चिठ्ठी, हजेरी, पगाराची पावती जपून ठेवा. अर्जाला मुदत असते, ती चुकवू नका. आणि वाचल्याशिवाय अंगठा उठवू नका. आता तुम्हाला वाचता येतं!

प्रश्न
१. न्यायाधिकरणाच्या निकालावर आधी कुठे दाद मागतात?
२. फरिदाबादच्या कामगारांना काय मिळाले, काय मिळाले नाही?
३. तुमच्या घरी कामाचे कोणते कागद आहेत? यादी लिहा.