मुशी आणि बाळंतीण

मागच्या महिन्यात एका गटाच्या बैठकीत बचत गोळा झाली, वही मिटली आणि एका काकूंनी पिशवीतून कागदाचं पुडकं काढलं. आत खारवलेल्या माशाचे जाड तुकडे होते. "मुंबईच्या जावेनं धाडलंय. मुशी म्हनत्यात. सुनेला बाळंत होऊन पंधरा दिस झालं. ह्यानं दूध लई येतंय म्हनं. घालू का?"

मी लगेच म्हणाले, "घाला की, मासाच आहे." घरी येऊन वाचलं आणि माझं उत्तर चुकल्याचं कळलं. म्हणून हा पाठ.

मुशी म्हणजे शार्क. कोकणात काही ठिकाणी मोरी म्हणतात. टीव्हीवर माणसाच्या मागे लागतो तोच हा मासा. उबदार किनाऱ्याच्या पाण्यात त्याच्या कितीतरी जाती असतात, त्यातल्या बऱ्याच आपल्या हाताएवढ्याच. त्याच्या अंगात हाडं नसतात, आपल्या कानात असते तशी कूर्चा असते. कातडी पॉलिश पेपरसारखी खरखरीत. रक्तात युरिया असतो (हो, आपण पिकाला टाकतो तोच), म्हणून मासा शिळा झाला की नाकात जाणारा उग्र वास येतो.

माणसाला चावतो का? क्वचित. फेब्रुवारी २०२४ मध्ये पालघर जिल्ह्यात मनोरजवळ वैतरणा खाडीत मासे धरायला गेलेल्या तरुणाच्या पायाचा शार्कनं लचका तोडला. तो बुल शार्क होता. ही जात खाऱ्या पाण्यातून गोड्या पाण्यातही शिरते, म्हणून समुद्रापासून इतक्या आत सापडली. नंतर ती मादी मेलेली मिळाली, पोटात पिल्लं होती. पण जगभर मिळून वर्षाला असे साधारण ६० ते ७० हल्ले होतात. आपल्या देशात सापाच्या दंशानं वर्षाला सुमारे ५८,००० माणसं जातात असा अंदाज आहे. जतच्या बाईनं भ्यायचं तर रात्री रानात पाणी धरताना भ्यावं, आणि पायात बूट घालावेत.

उलट माणसाचीच मुशीला जास्त भीती. बांगडा हजारो अंडी घालतो. बुल शार्कची मादी वयात यायलाच दहा वर्षं किंवा जास्त लागतात, आणि एका वेतात मोजकीच पिल्लं. आपली माडग्याळी मेंढी इतक्या उशिरा व्यायला लागली तर कळप टिकेल का? सगळ्यात मोठा देवमाशाएवढा व्हेल शार्क तर बारीक जीव गाळून खाणारा, माणसाच्या वाटेला न जाणारा. २००१ पासून त्याला मारणं गुन्हा आहे. आपल्या राज्यात असा संरक्षित प्राणी जाळ्यात आला आणि कोळ्यानं जाळं कापून सोडला, तर २५,००० रुपयांपर्यंत भरपाई मिळते. जाळं फाटलं की त्या घरातल्या बाईचा विक्रीचा दिवस बुडतो, म्हणून मला ही योजना फार शहाणपणाची वाटते.

आता ताटाकडे येऊ. मुशीनं दूध वाढतं हा समज किनाऱ्यावर इतका जुना आहे की एका लहान जातीचं इंग्रजी नावच 'मिल्क शार्क' पडलं. अडचण पाऱ्याची आहे. पाण्यातला पारा बारीक जीवांत जातो, त्यांना खाणाऱ्या लहान माशांत, त्यांना खाणाऱ्या मोठ्यांत. मुशी वरच्या टोकाला, शिवाय आयुष्यही मोठं, म्हणून तिच्यात तो साठतो. शिजवून, खारवून, चिंच लावून जात नाही. गरोदर बाईच्या पोटातल्या बाळापर्यंत पोचतो, आणि बाळाच्या वाढत्या मेंदूला तोच घातक. म्हणून गरोदर बाई, अंगावर पाजणारी आई आणि लहान मुलं यांनी मुशी टाळावी. एखाद्या घासानं लगेच काही होत नाही, उगीच घाबरू नका. मासा हवाच असेल तर लहान जातीचा घ्या: तारली, बांगडा, बोंबील.

आणि दूध? ते बाळाला वारंवार पाजल्यानं वाढतं. आईनं पोटभर जेवावं, पाणी प्यावं. तरी कमी वाटलं तर आशाताईंना बोलवा.

मी दुसऱ्याच दिवशी काकूंना फोन लावला. "काकू, ते मासे सुनेला देऊ नका."

त्या हसल्या. "अगं, तिनं वासानंच ताट सरकवलं. ह्यांनीच खाल्लं समदं!"