मनोरंजक पदार्थविज्ञान : काही ग्रंथ व त्यांचे वाचन

उन्हाळ्याच्या दिवसांत बर्फाची लादी घरी आणली, तर ती घोंगडीत गुंडाळून ठेवावी की परातीत उघडी ठेवावी? हा प्रश्न आम्ही शाळकरी मुलांना अनेकदा विचारला आहे, आणि बहुधा एकच उत्तर मिळते : घोंगडी गरम असते, तिच्यात बर्फ लवकर वितळेल, सबब तो उघडा ठेवावा. हीच मुले परीक्षेत 'लोकर ही उष्णतेची दुर्वाहक आहे' हे वाक्य बिनचूक लिहितात आणि पुरे गुण मिळवितात. बर्फवाला मात्र लादी भुशात पुरतो आणि वर तागाचे पोते टाकतो. घोंगडी स्वतः उष्णता निर्माण करीत नाही, ती उष्णतेची ये-जा मंद करते, एवढेच. आत माणूस असला तर त्याची उष्णता बाहेर जाण्यास अडथळा होतो. आत बर्फ असला तर बाहेरची उष्णता आत येण्यास अडथळा होतो. मुलांना वाक्य पाठ होते, पण त्या वाक्याची आणि घरातल्या घोंगडीची गाठ कोणी घालून दिली नव्हती.

ही गाठ घालून देणारे ग्रंथ जगात आहेत, आणि ते पुष्कळ जुने आहेत. आपल्या वाचनालयाच्या विज्ञानाच्या कपाटात मार्गदर्शिका व प्रश्नोत्तरसंच यांचीच दाटी असते. या ज्युबिली-अंकाच्या निमित्ताने त्या कपाटात आणखी काय असावे याचा विचार आम्ही येथे करीत आहोत.

घोंगडीचा हा प्रश्न आमचा नव्हे. तो, कोटाच्या रूपाने, याकोव्ह इसिदोरोविच पेरेलमान यांच्या 'मनोरंजक पदार्थविज्ञान' या रशियन ग्रंथात आहे. पेरेलमान यांचा जन्म १८८२ साली बियालीस्तोक गावी झाला. हे गाव तेव्हा रशियन साम्राज्यात होते, आज ते पोलंडमध्ये आहे. शिक्षण त्यांनी घेतले वनविद्येचे, सेंट पीटर्सबर्ग येथे. परंतु जंगलखात्याची नोकरी त्यांनी पत्करली नाही. विद्यार्थिदशेपासून ते एका लोकप्रिय सचित्र साप्ताहिकात लिहीत असत, आणि तीच त्यांची खरी शाळा ठरली. १९१३ साली या ग्रंथाचा पहिला भाग निघाला, १९१६ साली दुसरा. पुढे त्यांनी गणित, बीजगणित, भूमिती, खगोल या विषयांवरही याच धाटणीचे ग्रंथ लिहिले. १९३५ साली लेनिनग्राडमध्ये त्यांच्या पुढाकाराने 'मनोरंजक विज्ञानगृह' उघडले. तेथील वस्तूंना हात लावण्याची मुलांना मुभा होती, नव्हे, आग्रहच होता. युद्धात ते गृह बंद पडले. शहराला वेढा पडला असता पेरेलमान सैनिकांना उपकरणांवाचून दिशा व अंतरे कशी ओळखावीत यावर व्याख्याने देत होते. १९४२ च्या मार्चमध्ये त्याच वेढ्यात उपासमारीने त्यांचा अंत झाला.

या ग्रंथाची हातोटी कशात आहे? पेरेलमान यांनी प्रस्तावनेतच म्हटले आहे की वाचकाला नवे ज्ञान देण्यापेक्षा, जे त्याला ठाऊक आहे तेच नीट ओळखावयास लावणे हा त्यांचा हेतू आहे. आमच्या मते सारे मर्म येथे आहे. विनोद पेरून रुक्ष विषय गोड करण्याची युक्ती ते करीत नाहीत. कडू औषधावर साखर लावण्याचा हा प्रकार आमच्याकडील बालवाङ्मयात फार बोकाळला आहे. त्यात मूल साखर चाटते आणि औषध टाकून देते. पेरेलमान यांच्या ग्रंथात गंमत वेगळी आणि विज्ञान वेगळे असे काढताच येत नाही, कारण विचार करण्यातच गंमत आहे.

उदाहरण घेऊ. आपण सूर्याभोवती दिवसा जास्त वेगाने फिरतो की रात्री? प्रथम प्रश्नच वेडगळ वाटतो. पृथ्वी आपल्या कक्षेत सेकंदाला सुमारे ३० किलोमीटर वेगाने जाते. तिला दिवस काय नि रात्र काय! पण ती स्वतःभोवतीही फिरते, आणि दोन्ही फिरणी एकाच दिशेची आहेत. मध्यरात्री आपण सूर्याच्या विरुद्ध बाजूस असतो. तेथे स्वतःभोवतीच्या फिरण्याचा वेग कक्षेतील वेगात मिळविला जातो. भर दुपारी आपण सूर्याकडील बाजूस असतो, तेथे तो वजा होतो. बडोद्याच्या अक्षांशावर हा वेग सेकंदाला सुमारे ४३० मीटर भरतो. म्हणजे मध्यरात्री अंथरुणावर निजलेला माणूस दुपारी धावणाऱ्या माणसाहून सेकंदाला पाऊण किलोमीटरपेक्षा अधिक पुढे जातो! येथे नवीन माहिती कोणती आली? एकही नाही. दोन गती ठाऊक होत्याच. त्यांची बेरीज-वजाबाकी कोणी केली नव्हती.

चाकाचे कोडेही असेच. बैलगाडी जात असताना चाकाचे वरचे आरे एकमेकांत मिसळून पुसट दिसतात, आणि खालचे आरे मात्र एकेक मोजता येतात. चाक तर एकच आहे! पण धावेचा जो बिंदू जमिनीला टेकलेला असतो तो त्या क्षणी जागचा हललेला नसतो. आसाचा वेग गाडीइतका असतो, आणि सर्वांत वरच्या बिंदूचा वेग गाडीच्या दुप्पट असतो. आमच्या पिढीने बैलगाड्या डोळे भरून पाहिल्या, पण हे पाहिले नाही. आजच्या मुलाला सायकल पुरे आहे.

वेल्स या इंग्रज लेखकाची 'अदृश्य माणूस' ही कादंबरी १८९७ साली प्रसिद्ध झाली. पेरेलमान तिचे कौतुक करतात आणि मग शांतपणे विचारतात : या माणसाला स्वतःला दिसत होते काय? डोळ्याच्या भिंगाने प्रकाशकिरण वाकवावेत, ते मागील पडद्यावर पडावेत आणि तेथे शोषले जावेत, तेव्हा आपणास दिसते. जे शरीर हवेइतकेच पारदर्शक झाले त्याचे भिंग किरण वाकवीत नाही, पडदा किरण शोषीत नाही. सबब अदृश्य माणूस ठार आंधळा असला पाहिजे. गोष्टीचा रस न नासवता गोष्टीची परीक्षा घेणे हे काम सोपे नाही.

आता घरी करून पाहण्याचा एक प्रयोग. कागदाची डबी करून तिच्यात पाणी घाला आणि ती मेणबत्तीच्या ज्योतीवर धरा. पाणी उकळू लागेल, कागद जळणार नाही. पाणी उकळत आहे तोवर ते १०० अंशांपलीकडे तापत नाही, आणि कागद पेट घेण्यास त्याहून दुपटीने अधिक तापमान लागते. मिळालेली उष्णता कागदाकडून पाणी तत्काळ काढून घेते. मात्र ज्योत पाण्याच्या पातळीच्या वर जाऊ देऊ नये, आणि जवळ वडील माणूस असावे. ज्या गृहिणीने रिकामे पातेले चुलीवर विसरून त्याचे बूड जळालेले पाहिले आहे तिला या प्रयोगाची दुसरी बाजू समजावून सांगावी लागत नाही.

परदेशी ग्रंथ वाचताना एक गोष्ट मात्र वाचकाने स्वतः करावी लागते : उदाहरणे आपल्या घरची शोधावी लागतात. पेरेलमान यांच्या ग्रंथात बर्फ, लोकरी कोट, रशियन न्हाणीघर आहे. आपल्याकडे माठ आहे. माठाच्या अंगातून पाझरलेले पाणी हवेत उडून जाते आणि उडताना उष्णता घेऊन जाते. एक ग्रॅम पाणी उन्हाळ्याच्या हवेत उडण्यास सुमारे ५८० उष्मांक लागतात. तेवढ्या उष्णतेची वजावट झाली की जवळजवळ ५८ ग्रॅम पाणी १० अंशांनी थंड होते. प्रत्यक्षात भोवतालची हवा काही उष्णता परत देत राहते म्हणून हिशेब इतका सरळ राहत नाही, तथापि थोडेसे पाणी जाऊन पुष्कळसे पाणी गार कसे होते हे यावरून कळते. मग पुढचा प्रश्न : श्रावणात माठ गार का होत नाही? हवेत आधीच बाष्प भरलेले असते, पाणी उडण्यास वाव राहत नाही. आणि नवा माठ जुन्याहून गार का, हे विचारावे. मूल माठाच्या अंगावरील बंद झालेल्या छिद्रांपर्यंत आपणहून येऊन पोहोचते.

आमच्याकडील सर्वांत सुंदर उदाहरण तबल्याचे आहे आणि ते शोधले चंद्रशेखर वेंकट रामन यांनी. साध्या गोल कातड्यावर थाप मारली तर जे निरनिराळे कंप उठतात त्यांच्या वारंवारता पूर्णांकांच्या प्रमाणात नसतात. पहिला कंप १ मानला तर पुढचे १.५९, २.१४, २.३० असे येतात. म्हणून ढोलातून घुमारा निघतो, स्वर निघत नाही. तंबोऱ्याच्या तारेचे उपस्वर मात्र दुप्पट, तिप्पट, चौपट असे नीट पायरीवर असतात. तबल्याच्या व मृदंगाच्या पुडीवर मध्यभागी शाईचा लेप असतो. त्या वजनाने कातड्याचे महत्त्वाचे कंप जवळजवळ १, २, ३, ४, ५ या प्रमाणात येतात आणि तबला स्वरात बोलू लागतो. रामन यांनी याविषयीचे टिपण १९२० साली 'नेचर' या नियतकालिकात, एका सहकाऱ्याबरोबर, प्रसिद्ध केले. ज्या कारागिराने शाईचे थर घोटून घोटून चढविले त्याच्याजवळ समीकरण नव्हते, कान होता. गाण्याच्या बैठका आपल्या समाजात आजही होतात. त्यांतील किती श्रोत्यांना ठाऊक आहे की समोर पदार्थविज्ञानाचा एक अव्वल दर्जाचा सिद्धान्त वाजतो आहे?

इतर ग्रंथांचा परामर्श थोडक्यात घेऊ. मायकेल फॅरेडे हा लोहाराचा मुलगा, पुस्तकबांधणीच्या दुकानात उमेदवारी करणारा. तेथे बांधणीस आलेली पुस्तके तो वाची. त्यांत जेन मार्सेट या बाईंनी संवादरूपाने लिहिलेले रसायनशास्त्राचे सुबोध पुस्तक होते, आणि त्याचे ऋण तो जन्मभर मानीत असे. म्हणजे असल्या पुस्तकांनी काय होते, असे कोणी विचारल्यास फॅरेडे होतो, असे उत्तर देता येईल! त्याच फॅरेडेने १८६०-६१ च्या नाताळात लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये मुलांसाठी एका मेणबत्तीवर सहा व्याख्याने दिली. चार्ल्स व्हर्नन बॉईज यांचे साबणाच्या फुग्यांवरील पुस्तक १८९० सालचे. ते लहान आहे, आणि हाताने करून पाहणाऱ्यासाठी आमच्या मते पेरेलमानहूनही सरस आहे. गॅमॉव्ह यांचे 'मिस्टर टॉम्पकिन्स' (१९४०) मजेदार खरे, पण त्यातील सापेक्षतेचे जग घरात दिसत नाही. ते नंतर वाचावे. जर्ल वॉकर यांचे 'फ्लाइंग सर्कस ऑफ फिजिक्स' १९७५ साली निघाले तेव्हा त्यात नुसते प्रश्न होते, उत्तरे १९७७ च्या आवृत्तीत आली. उत्तरांवाचून पुस्तक छापण्याचे हे धाडस आमच्या मार्गदर्शिकाकारांनी एकदा तरी करावे.

असल्या ग्रंथांत चुका नसतात काय? असतात. पेरेलमान बर्फाच्या निसरडेपणाचे कारण सांगतात ते असे की दाबाने बर्फाचा वितळणबिंदू उतरतो आणि पायाखाली पाणी होते. दाबाने तो उतरतो हे खरे. पण एक अंश उतरण्यास वातावरणाच्या सुमारे १३० पट दाब लागतो. शून्याखाली २० अंशांवर साध्या बुटाने घसरणाऱ्या माणसाचा दाब त्यास पुरणार नाही. घर्षणाची उष्णता आणि बर्फाच्या पृष्ठभागावर मुळातच असलेला पातळ, पाण्यासारखा थर यांचा वाटा मोठा आहे, असे आज मानले जाते. आणि अशा थराची कल्पना १८५० सालीच फॅरेडेने मांडली होती. तेव्हा हे ग्रंथ पोथीसारखे वाचू नयेत. आकडे घालून पाहावेत, आणि जेथे हिशेब जुळत नाही तेथे थांबावे.

भाषेचा प्रश्न उरतो. सोव्हिएत काळात मॉस्कोहून छापून आलेली इंग्रजी विज्ञानपुस्तके आपल्याकडे फार स्वस्तात मिळत. १९९१ नंतर तो ओघ आटला. मराठीत लोकांसाठी विज्ञान लिहिण्याची परंपरा मात्र तुटलेली नाही. मराठी विज्ञान परिषद १९६६ पासून काम करीत आहे. अरविंद गुप्ता यांनी टाकाऊ वस्तूंतून वैज्ञानिक खेळणी करण्याचे शास्त्रच उभे केले, आणि त्यांनी जमविलेली मराठी पुस्तकेही संगणकावर विनामूल्य वाचावयास मिळतात. बडोद्यात तर १८९० सालीच कलाभवनात देशी भाषेतून तांत्रिक विषय शिकविण्यास प्रारंभ झाला होता. महाराष्ट्राबाहेर वाढणाऱ्या आपल्या मुलांची शाळा इंग्रजीत, खेळ गुजरातीत वा हिंदीत, आणि मराठी फक्त स्वयंपाकघरात असते. त्यात आम्हांस दुःख कमी वाटते, कारण असल्या पदार्थविज्ञानाची प्रयोगशाळा स्वयंपाकघर हीच आहे. आजीने विचारावे, नातवाने सांगावे, आणि दोघांनी मिळून पाहावे.

म्हणून वाचनालयाच्या चालकांस आमची सूचना अशी की या ग्रंथांबरोबर एक तापमापक, एक फूटपट्टी आणि स्वयंपाकघरातला एक लहान काटा कपाटातच ठेवावा, आणि आठवड्यातून एक सायंकाळ एकच प्रकरण मोठ्याने वाचले जावे. पहिल्या सायंकाळसाठी प्रश्न आम्ही देतो. पेरेलमान उकडलेले अंडे व कच्चे अंडे फोडल्यावाचून ओळखण्यास सांगतात : दोन्ही गरगर फिरवावीत, उकडलेले सहज फिरते, कच्च्याच्या आतील द्रव मागे राहून त्याला अडवितो. ज्या घरी अंडी चालत नाहीत त्यांनी दोन सारख्या गोल बाटल्या घ्याव्यात, एकीत काठोकाठ पाणी व दुसरीत गच्च दाबून मीठ भरावे, आणि दोन्ही आडव्या धरून उतरत्या फळीवरून एकदमच सोडाव्यात. खाली प्रथम कोणती पोहोचेल, हे सोडण्यापूर्वी प्रत्येकाने कागदावर लिहून ठेवावे.