‘स्पॅट’ म्हणजे काय?

कालवाच्या अंड्यातून निघालेले पिल्लू प्रथम पाण्यात तरंगत असते. या अवस्थेत त्यास ‘डिंभ’ म्हणतात. सुमारे २ ते ३ आठवड्यांनी ते घट्ट व स्वच्छ जागा शोधून आपली डावी शिंप तेथे कायमची चिकटविते. अशा स्थिर झालेल्या पिल्लास सागरी प्राणिशास्त्रात ‘स्पॅट’ ही संज्ञा आहे. डिंभ जागा बदलू शकतो, स्पॅट बदलू शकत नाही, हाच दोहोंतील मुख्य भेद होय.

हा भेद व्यवहारातही महत्त्वाचा आहे. स्पॅट धरण्यासाठी खाडीत रिकाम्या शिंपल्यांच्या माळा किंवा चुन्याचा लेप दिलेली कौले सोडतात. ती फार आधी सोडल्यास त्यांवर गाळ व शेवाळ बसते आणि पिल्लांना जागा उरत नाही. उशीर झाल्यास डिंभ अन्यत्र चिकटतात किंवा मरतात व हंगाम वाया जातो. म्हणून पाण्यातील डिंभांची तपासणी झाल्यावरच कौले सोडावीत.

मोठ्या कालवांच्या शिंपांवरही स्पॅट बसतो. यास्तव सर्वच शिंपा चुनाभट्टीत न घालता, पिल्ले लागलेल्या शिंपा खाडीत परत टाकाव्यात, हे ग्रामसेवकांनी किनाऱ्यावरील लोकांस समजावून द्यावे. पुढील वर्षांचे पीक त्यांवरच अवलंबून असते.