‘ममझेर’ हा शब्द

परवा आमच्या इमारतीखाली मुले चेंडू खेळत होती. भांडण जुंपले आणि एकाने दुसऱ्यास ‘ममझेर’ म्हटले. मुलगा आपल्यातलाच, म्हणून आम्ही त्यास जवळ बोलावून अर्थ विचारला. ‘लबाड’ असे उत्तर मिळाले. बोलीतील हिब्रूत चलाख, बेरकी माणसासही ममझेर म्हणतात हे खरे. परंतु मूळ अर्थ फार निराळा आहे.

तनाखात हा शब्द दोनच वेळा येतो. अनुवादाच्या २३ व्या अध्यायात ममझेरास दहाव्या पिढीपर्यंत परमेश्वराच्या मंडळीत येण्याची मनाई आहे. जखऱ्याच्या ९ व्या अध्यायात ममझेर अश्दोदात राहील असे म्हटले आहे. मराठीत यासाठी ‘जारज’ शब्द योजतात. जार म्हणजे परपुरुष. त्याच्यापासून जन्मलेला तो जारज. तलमूदात ‘मूम झार’, म्हणजे परका डाग, अशी शब्दाची फोड केलेली आहे.

केवळ आईबापांचे लग्न झालेले नाही एवढ्यावरून मूल ममझेर ठरत नाही. विवाहित स्त्रीस परपुरुषापासून झालेले, किंवा तोराने निषिद्ध केलेल्या जवळच्या नात्यातून झालेले मूल तेवढे ममझेर. पहिल्या नवऱ्याकडून गेट न घेता स्त्रीने दुसरे लग्न केले, तर त्या संसारातील मुलेही ममझेर. अशांस इतर यहुदी घराण्यांशी सोयरीक करता येत नाही.

ह्याच शब्दाची छाया एकदा आपल्यावर पडली होती. कोकणात आपल्या पूर्वजांनी गेटचे नियम पाळले असतील काय, अशी शंका काढून मुख्य रब्बीनेटने १९६२ साली बेने इस्राएल वधूवरांच्या आजी-पणजीपर्यंत चौकशी करण्याचे आदेश दिले. १९६४ च्या उन्हाळ्यात आपल्या लोकांनी यरुशलेमेत धरणे धरले. त्या ऑगस्टमध्ये क्नेसेटने बेने इस्राएल सर्व बाबतींत यहुदी आहेत असे जाहीर केले आणि रब्बीनेटने आदेशातून आपले नाव काढले.

उपदेशक ग्रंथात गांजलेल्यांच्या अश्रूंचा उल्लेख आहे. मिद्राशात दानियेल नावाचा शिंपी सांगतो की, हे अश्रू ममझेरांचे. पाप आईबापांचे, लेकरांचा काय अपराध? मिश्नाप्रमाणे तर विद्वान ममझेराचा मान अडाणी मुख्य याजकाच्या आधी.

त्या मुलास आम्ही एवढेच सांगितले, “बाळ, ही शिवी त्याच्या आईवर जाते. तुझ्या पणजीवरही ती एकदा घातली गेली होती.” मुलगा गप्प झाला. पालकांनीही आपापल्या घरी मुलांस हे समजावून सांगावे, ही विनंती.